बिल अडकलं म्हणून थेट धारवाड? सरकारी कामाच्या पैशांत रिटचा हात कुठवर पोचतो

आधी प्रश्न सांगतो. बेळगाव जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यातल्या एका कॉन्ट्रॅक्टरने एका सरकारी खात्याचं ४१ लाखांचं रस्ता आणि गटारीचं काम घेतलं. ३१ मार्च २०२३ ला काम संपलं. काम चालू असतानाच्या रनिंग बिलांतून २८ लाख मिळाले. राहिलेल्या १३ लाखांचं फायनल बिल एम.बी.त, म्हणजे कामाच्या मापांच्या सरकारी वहीत, चढलं, वरच्या इंजिनियरने तपासून सही केली. मग त्यातले २ लाख उशिराचा दंड म्हणून कापले आणि ११ लाख ‘अनुदान नाही’ म्हणून थांबवले. शिवाय पहिल्याच पावसाळ्यात रस्ता खचायला लागला तेव्हा ज्युनियर इंजिनियरच्या तोंडी सांगण्यावरून रस्त्याखालून पाणी जायला ५ लाखांची मोरी बांधली, तिची कुठेच नोंद नाही. डिपॉझिट अडकलंय ते वेगळंच. यांच्या मेव्हण्याला धारवाडच्या हायकोर्टात रिट (सरकारच्या मनमानीविरुद्ध थेट हायकोर्टात करायचा अर्ज) घालून चार महिन्यांत पैसे मिळाले. यांचे वकील मात्र म्हणतात, बेळगावात दावा लावूया. विचारणा अशी की, वकील वेळ काढतायत का?

वकील वेळ काढत नाहीत, आणि मेव्हणेही खोटं सांगत नाहीत. दोघांच्या फायली वेगळ्या आहेत, एवढंच. मेव्हण्यांचे कागद मी पाहिलेले नाहीत. पण रिटमधून चार महिन्यांत पैसे निघाले म्हणजे त्यांच्या फायलीत खात्यानेच ‘देणं आहे’ असं कुठेतरी लिहून ठेवलेलं असणार, हे मी पैजेवर सांगतो.

बेळगावच्या कोर्टात मला सत्तावीस वर्षं झाली. २००८ मध्ये धारवाडला हायकोर्टाचा सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) सुरू होईपर्यंत रिट म्हणजे राणी चन्नम्मा गाडीने रात्रभर प्रवास आणि बेंगळूरला सकाळी लॉजवर आंघोळ. खर्चाच्या धाकानेच माणूस दहादा विचार करायचा. २०१३ मध्ये तो बेंच कायमचा झाला. आता सकाळी निघून किट्टूरला चहा घेतला तरी साडेदहाला कोर्टात हजर. अंतर कमी झालं तशी रिटची हौस वाढली. त्यात रिटला कोर्ट फी नाममात्र, दाव्याला मात्र रकमेच्या प्रमाणात. कॉन्ट्रॅक्टर रिटकडे का ओढला जातो ते कळतं.

पण घटनेच्या २२६ व्या कलमाखाली, म्हणजे रिटमध्ये, हायकोर्ट काय करतं ते समजून घ्या. सरकारने आपली सत्ता कायद्याने वापरली की मनमानीने, हे ते बघतं. खातं तुम्हाला किती देणं लागतं याचा हिशेब ते सहसा मांडत नाही. रिटमध्ये साक्षीदार पिंजऱ्यात येत नाही, उलटतपासणी होत नाही, टेप घेऊन कुणी जागेवर जात नाही. सगळं प्रतिज्ञापत्रांवर. तुम्ही शपथेवर म्हणणार, मोरी इंजिनियरने सांगितली म्हणून बांधली. सरकारी वकील शपथेवर म्हणणार, कुणीच सांगितली नाही. आता दोन शपथांतली खरी कुठली हे न्यायमूर्तींनी कशावरून ठरवायचं? ते म्हणतात, हे पुराव्याचं काम आहे, दिवाणी कोर्टात जा. दहा मिनिटांत निकाल, आणि तेवढ्यासाठी आठ महिने गेलेले असतात.

दुसरी अडचण कराराची. राधाकृष्ण अगरवाल विरुद्ध बिहार सरकार या १९७७ च्या निकालापासून सर्वोच्च न्यायालयाची भूमिका अशी आहे की टेंडर देताना सरकार सरकार असतं, पण करारावर सही झाल्यावर दोघांचं नातं करारातल्या अटींचं. अट मोडली तर जे दोन खासगी माणसांनी करायचं तेच तुम्ही करा. १९९६ च्या ब्रिज अँड रूफ निकालात आणि २००० च्या केरळ वीज मंडळाच्या निकालात हेच आणखी ठासून सांगितलं. सरकारी मंडळाने करार केला म्हणून तो करार कायद्याने घडवलेला होत नाही आणि त्यातल्या कलमांचा अर्थ लावून पैसे ठरवणं हे रिटचं काम नव्हे. सरकारी वकिलाच्या आक्षेपांत ही नावं ठरलेली असतात. उत्तर वाचण्याआधीच मी सांगू शकतो कुठल्या परिच्छेदात काय आहे.

पण म्हणून ‘कराराच्या पैशासाठी रिट चालतच नाही’ असं कुणी सांगितलं तर तेही मानू नका. डिसेंबर २००३ मध्ये ए.बी.एल. इंटरनॅशनलच्या निकालाने ते दार उघडं करून ठेवलंय. निर्यातीचा विमा होता, विमा देणारी कंपनी सरकारची होती आणि तिने पैसे नाकारले होते. कोर्ट म्हणालं, करार आहे म्हणून, पैसे मागितलेत म्हणून किंवा समोरचा पक्ष वाद घालतोय म्हणून रिट आपोआप बाद होत नाही. राज्यसंस्था मनमानी करत असेल तर हायकोर्ट हात घालू शकतं. फक्त घालायचा की नाही हे हायकोर्टाने तारतम्याने ठरवायचं. २०२१ मध्ये युनिटेकच्या प्रकरणात तर तेलंगणाच्या औद्योगिक महामंडळाकडे अडकलेले १६५ कोटी व्याजासह परत करायला लावले, आणि करारात लवादाचं कलम असणं हा रिटला पूर्ण अडथळा नाही असंही सांगितलं.

तुमच्या कामाचा निकाल मात्र यांपैकी नाही. तो आहे सूर्या कन्स्ट्रक्शन्स विरुद्ध उत्तर प्रदेश सरकार, २०१९ चा. छोटा, दोन-तीन पानांचा. कॉन्ट्रॅक्टरचे पैसे देणं आहे हे खात्याच्याच आदेशातून दिसत होतं. तरी हायकोर्टाने नेहमीचं पालुपद लावलं: कराराचा विषय, तथ्यं वादग्रस्त, रिट फेटाळलं. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, वाद आहेच कुठे? रक्कम मान्य आहे, मग न देणं ही मनमानीच. मी हा निकाल फायलीत वरच ठेवतो. सांगायचा मुद्दा असा की रिटमध्ये मान्य असलेलं देणं वसूल होतं, नाकारलेलं देणं शाबीत करता येत नाही. म्हणून कुठल्या कोर्टात जायचं हा विचार नंतर. आधी खात्याकडून ‘देणं आहे’ हे कागदावर कसं आणायचं ते बघा.

ते कसं येतं याचा एक प्रसंग सांगतो. निपाणीकडचे एक कॉन्ट्रॅक्टर माझ्याकडे आले होते. इमारतीचं काम, बिल दोन वर्षं पडून. खात्याला पंधरा अर्ज दिलेले, प्रत्येकावर पोच, उत्तर एकाचंही नाही. त्यांना लगेच रिट घालायचं होतं. मी म्हटलं थांबा, आणि माहिती अधिकारात एवढंच मागायला लावलं: या कामाच्या एम.बी.च्या पानांची नक्कल, आणि या बिलाबाबत उपविभागाने वरच्या ऑफिसला केलेला सगळा पत्रव्यवहार. तीस दिवसांच्या जागी पन्नास लागले, पहिलं अपील करावं लागलं. आलेल्या गठ्ठ्यात एक अर्ध्या पानाचं कन्नड पत्र होतं, सहायक कार्यकारी इंजिनियरने कार्यकारी इंजिनियरला लिहिलेलं. शेवटची ओळ होती, ‘अनुदान बिडुगडेयाद नंतर पावतिसलागुवुदु’. अनुदान सुटल्यावर पैसे दिले जातील. त्या गृहस्थांना कन्नड वाचता येत नव्हतं, त्यांनी ते पान बाजूला टाकलेलं. मी त्याचं इंग्रजी भाषांतर करून रिटला जोडलं. सुनावणीला सरकारी वकील ‘माय लॉर्ड, तथ्यं वादग्रस्त आहेत’ म्हणायला उठले. न्यायमूर्तींनी ते पान वर धरून विचारलं, यात वाद कुठला आहे? सरकारी वकिलांनी सूचना घ्यायला दोन आठवडे मागितले. पुढच्या तारखेला ते मुदत किती द्यायची एवढ्यावरच बोलत होते.

यातून दोन गोष्टी घ्या. पहिली म्हणजे कन्नड. कागद मराठीत मिळावेत ही आपली मागणी जुनी आहे आणि ती चालू राहील, पण बिलाची फाईल ही ती लढाई लढायची जागा नव्हे. खात्याने दिलेलं प्रत्येक हिंबरह, म्हणजे लेखी उत्तर, नीट वाचू शकणारा माणूस सोबत घ्या. ‘बिल परिशीलनेत (विचाराधीन) आहे’ आणि ‘अनुदान आल्यावर पैसे देऊ’ यांत तुमच्या दृष्टीने जमीन-अस्मानाचं अंतर आहे. पहिल्यात काहीच कबूल केलेलं नाही, दुसऱ्यात सगळं.

दुसरी म्हणजे क्रम. बहुतेक लोक चिडून आधी वकिलाची नोटीस पाठवतात आणि मग कागद मागतात. उलटं करा. नोटीस गेली की खातं सावध होतं, फाईल कायदेशीर सल्ल्याला जाते आणि महिन्याभरात कुठून तरी ‘कामाच्या दर्जाची फेरतपासणी सुरू आहे’ असं पत्र उगवतं. मग तुमचे मान्य असलेले ११ लाख वादग्रस्त झाले. आधी साध्या भाषेत अर्ज: फायनल बिल अमुक रकमेचं तपासून झालंय, ते केव्हा मिळेल कळवावं. त्याला ‘अनुदान नाही’ असं लेखी उत्तर आलं तर ते फ्रेम करून ठेवायच्या लायकीचं आहे. तुम्ही प्रश्नात त्यावर वैतागलाय, पण तुमच्या फायलीतला सगळ्यात मोलाचा कागद तोच.

आता तुमचे पैसे वेगवेगळे करूया, कारण तुम्ही १८ लाख असा एकच आकडा धरून बसलाय आणि घोळ तिथेच आहे.

११ लाख: एम.बी.त नोंद, वरच्या इंजिनियरची तपासणी, ‘अनुदान नाही’ एवढंच कारण. हे रिटला लायक आहेत. हमीचा काळ संपला असेल आणि दुरुस्तीची एकही नोटीस आलेली नसेल तर डिपॉझिटही यातच घ्या. आणखी एक गोष्ट शोधा. त्याच लेखाशीर्षाखाली, म्हणजे सरकारी हिशेबातल्या त्याच खर्चाच्या सदराखाली, तुमच्या नंतरची बिलं निघालीत का? मार्चच्या शेवटच्या आठवड्यात एल.ओ.सी. (खात्याला खजान्यातून पैसे काढायची मंजुरी) येते आणि कुणाची बिलं खजान्यात आधी चढतात हे आपल्याकडे सगळ्यांना ठाऊक असतं. त्या काळातल्या देयकांची यादी माहिती अधिकारात काढा. २०२४ मध्ये संपलेल्या कामाचे पैसे गेले आणि २०२३ मधलं तुमचं थांबलं असं दिसलं, तर मुद्दा नुसता कराराचा राहत नाही. तो घटनेच्या १४ व्या कलमाचा होतो, समान वागणुकीचा, आणि तिथे हायकोर्टाचे कान लगेच टवकारतात. बिलं ज्येष्ठतेने निघत नाहीत ही तक्रार राज्यभरातले कॉन्ट्रॅक्टर वर्षानुवर्षं करतायत, पण ‘माझ्या नंतरची ही पाच बिलं निघाली’ अशी यादी जोडणारा क्वचित भेटतो.

दंडाचे २ लाख: इथे आपल्या राज्यातलाच एक सुंदर निकाल आहे. कर्नाटक सरकार विरुद्ध श्री रामेश्वर राइस मिल्स, तीर्थहळ्ळी, १९८७. कराराने अधिकाऱ्याला नुकसानभरपाई ठरवायचा अधिकार दिला तरी तो तुम्ही अट मोडल्याचं कबूल केलं असेल तरच. अट मोडली की नाही याच्यावरच वाद असेल तर एक पक्ष स्वतःच न्यायाधीश होऊ शकत नाही. तुमचं म्हणणं आहे की उशीर खात्यामुळे झाला, जागा दोन महिने उशिरा मिळाली. मग दंड कापण्याआधी नोटीस दिली होती का, मुदतवाढीचा अर्ज केला होता का, त्याचं काय झालं, हे बघावं लागेल. दंडाचा आदेश रिटमध्ये रद्द होऊ शकतो. तरी माझा सल्ला असा की २ लाखांसाठी ११ लाखांचं रिट नासवू नका. एका रिटमध्ये मान्य आणि अमान्य दोन्ही घातलं की सरकारी वकील अमान्य भागावर बोट ठेवून सगळा हिशेबच वादग्रस्त आहे म्हणतो, आणि बऱ्याचदा त्याचं चालतं.

मोरीचे ५ लाख: यांच्यासाठी धारवाडला जाऊ नका. अगदी स्पष्ट सांगतो. सरकारशी करार व्हायचा तर घटनेच्या २९९ व्या कलमाप्रमाणे तो राज्यपालांच्या नावे, अधिकार असलेल्या माणसाच्या सहीने, लेखी व्हावा लागतो. ज्युनियर इंजिनियरने मोरीवर उभं राहून ‘बांधून टाका की, नंतर बघूया’ म्हटलं तर तो करार होत नाही. वर टेंडरशिवाय काम दिलंच कसं म्हणून १९९९ चा सार्वजनिक खरेदी पारदर्शकतेचा आपल्या राज्याचा कायदा तुमच्यासमोर धरला जाईल.

तरीही तुम्ही उघड्यावर नाही. करार कायद्याचं ७० वं कलम म्हणतं की कुणी फुकट करायच्या इराद्याशिवाय, कायदेशीरपणे दुसऱ्यासाठी काम केलं आणि त्या दुसऱ्याने त्याचा लाभ घेतला, तर त्याने मोबदला द्यायला हवा. बंगालच्या बी. के. मंडल यांच्या १९६१ मधल्या निकालात हेच झालं होतं. अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून बांधकाम झालं, नियमाप्रमाणे करार नव्हता, पण सरकारने बांधकाम वापरलं होतं, म्हणून पैसे द्यावे लागले. मात्र हे सगळं पुराव्याने शाबीत करायचं असतं, आणि ते दाव्यातच होतं. ह्यूम पाईपांची चलनं, खडी-सिमेंटची बिलं, तारखेसह फोटो, इंजिनियरचे व्हॉट्सअ‍ॅप मेसेज, मजुरांची हजेरी. मेसेज दाखल करायचे तर नव्या साक्ष अधिनियमाच्या ६३ व्या कलमाचं प्रमाणपत्र लागेल, म्हणून तो फोन विकू नका आणि फॉरमॅट तर मुळीच करू नका. कोर्ट कमिशनर नेमून मोरी मोजून घेता येते. मिळणारी रक्कम मात्र वाजवी मोबदला असेल, तुम्ही लिहिलेला आकडा नव्हे. ५ लाखांचे साडेतीन झाले तरी दुःख मानू नका.

२०२२ च्या एप्रिलमध्ये हिंडलग्याच्या रस्त्यांच्या बिलावरून काय झालं ते बेळगावात कुणी विसरलेलं नाही. कामं झाली होती, कार्यादेश (वर्क ऑर्डर) नव्हता असं सरकारकडून सांगितलं गेलं, एका कॉन्ट्रॅक्टरचा जीव गेला, मंत्र्यांना पद सोडावं लागलं. आरोपांच्या खऱ्याखोट्यात मी जात नाही. पण त्या वर्षी माझ्या ऑफिसात ‘कार्यादेश नाही, काम केलंय’ म्हणत आलेल्या माणसांची संख्या बघून मीच हबकलो होतो. जत्रा तोंडावर आली, साहेबांचा फोन आला, उद्घाटनाची तारीख ठरली, की आपली माणसं जे.सी.बी. लावून मोकळी होतात. रिट, दावा, लवाद, कुठेही गेलात तरी पहिला प्रश्न एकच येतो: लेखी आदेश कुठाय?

लवादाचं कलम तुमच्या करारात आहे का ते मला कळवलेलं नाही. असलं तर दाव्याऐवजी तिकडे जावं लागेल. वाद कसा सोडवायचा याचं कलम शेवटच्या पानांत असतं, तेवढं वाचून पाठवा.

आता सगळ्यात गंभीर गोष्ट, मुदत. केलेल्या कामाचे पैसे मागायला तीन वर्षं. पैसे केव्हा द्यायचे हे करारात ठरलेलं नसेल तर ही तीन वर्षं काम पूर्ण झाल्यापासून मोजतात. म्हणजे तुमचं कॅलेंडर ३१ मार्च २०२६ ला संपतं असं धरून चाला. हे मी एप्रिल २०२५ मध्ये लिहितोय, म्हणजे वर्षही उरलेलं नाही. मधे खात्याने मुदतीच्या आत सही करून देणं कबूल केलं असेल तर मुदत कायद्याच्या १८ व्या कलमाने त्या तारखेपासून नवी तीन वर्षं मिळतात. ‘अनुदान नाही’ या पत्राची किंमत इथे दुसऱ्यांदा कळते. मात्र ती कबुली त्या ११ लाखांपुरती. मोरीला तिचा उपयोग नाही.

आणि इथेच रिटचा सापळा आहे. रिट घातलं म्हणून मुदत थांबत नाही. पुष्कळदा होतं काय, कोर्ट पैसे द्यायचा आदेश देत नाही, ‘अर्जदाराच्या निवेदनाचा आठ आठवड्यांत विचार करा’ एवढाच आदेश देतं. कॉन्ट्रॅक्टर पेढे वाटतो. खातं विचार करतं आणि निवेदन फेटाळल्याचं हिंबरह देतं. ‘विचार करा’चा अर्थ ‘पैसे द्या’ होत नाही, त्यामुळे कोर्टाचा अवमान झाला असंही म्हणता येत नाही. मग दुसरं रिट. तोवर तीन वर्षं उलटतात. २००८ मध्ये सी. जेकब यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवलंय की असा आदेश मिळाला आणि त्यावर उत्तर आलं म्हणून शिळी झालेली मागणी ताजी होत नाही. प्रकरण नोकरीचं होतं, पण सरकारी वकील ते इथेही लावतात. वकिलीच्या सुरुवातीला मी स्वतः यात फसलोय. एका अशिलाची दोन वर्षं रिटमध्ये गेली, मग दावा लावताना चुकीच्या कोर्टात प्रामाणिकपणे घालवलेला काळ वगळा म्हणून मुदत कायद्याच्या १४ व्या कलमाचा आधार घ्यावा लागला. मिळाला, पण त्या एका मुद्द्यावर दीड वर्ष झुंजावं लागलं. तेव्हापासून रिट फेटाळलं जाणार असं दिसलं की योग्य ठिकाणी दाद मागण्याची मोकळीक आदेशात लिहून घेतल्याशिवाय मी खाली बसत नाही.

म्हणून तुमच्यासाठी मी असं करेन. मे महिन्यात माहिती अधिकाराचे दोन अर्ज आणि तो साधा अर्ज. कागद हाती आले की ११ लाख आणि डिपॉझिटपुरतं रिट, आणि त्यात दंड व मोरीची मागणी वेगळी राखून ठेवली आहे असं स्वच्छ लिहायचं, म्हणजे नंतर ‘तेव्हा का मागितलं नाही’ असा आक्षेप यायला नको. त्याच सुमारास दंड आणि मोरीसाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ८० व्या कलमाची दोन महिन्यांची नोटीस. ती इंजिनियरला पाठवून भागत नाही, सरकारच्या सचिवांना किंवा जिल्ह्याच्या डी.सी.ना (जिल्हाधिकाऱ्यांना) बजावावी लागते. नोटिशीत व्याजाची मागणी अमुक तारखेपासून असं लिहा. १९७८ च्या व्याज कायद्याने दाव्याआधीचं व्याज मागायला ती ओळ कामी येते. बांधकामाचा करार आणि रक्कम ३ लाखांच्या वर म्हटल्यावर हा व्यापारी वाद ठरतो, त्यामुळे तातडीचा मनाई हुकूम वगैरे नको असेल तर दाव्याआधी मध्यस्थीला जाणं सक्तीचं आहे. ती चुकवली तर दावा नाकारला जातो, हे २०२२ च्या पाटील ऑटोमेशनच्या निकालाने पक्कं केलंय. नोटिशीचा आणि मध्यस्थीचा काळ मुदतीतून वगळला जातो, पण त्या हिशेबावर विसंबून फेब्रुवारीपर्यंत झोपू नका. मध्यस्थीला सरकारकडून बहुतेक वेळा कुणी येत नाही. आलं तर अधिकार नसलेला एखादा क्लार्क येतो. जावं मात्र लागतंच.

तोवर खात्याने बोलावून ‘११ घ्या आणि फायनल बिलावर सही करा’ म्हटलं तर? पैसे घ्या. पण ‘पूर्ण व अंतिम, आणखी काही मागणी नाही’ असं छापील वाक्य असेल तर त्याखाली हाताने ‘दंड आणि जादा कामाची मागणी राखून, निषेधासह’ असं लिहून मगच सही करा. मराठीत लिहिलं तरी चालेल. लिहू दिलं नाही तर त्याच दिवशी पोस्टाने आणि ई-मेलने तसं कळवा. दबावाखाली केलेली सही बांधून ठेवत नाही असं २००८ च्या बोघारा पॉलिफॅबच्या निकालात आहे, पण दबाव होता हे सहा महिन्यांनी आठवलं तर कोर्ट हसतं.

काळ्या यादीत टाकायची धमकी मिळाल्याचंही तुम्ही लिहिलंय. त्याची भीती बाळगू नका. नोटीस आणि म्हणणं मांडायची संधी दिल्याशिवाय तसा आदेश काढला, तर त्याविरुद्ध रिट हाच सरळ रस्ता आहे आणि तिथे हायकोर्ट तत्परतेने ऐकतं.

येताना मूळ करार, कार्यादेश, रनिंग बिलांच्या नकला, बँकेचे उतारे आणि तो फोन आणा. मोरीचे फोटो आणि मापं पावसाआधी, मे महिन्यातच, गावातले दोन पंच आणि एक खासगी इंजिनियर घेऊन करून ठेवा. जांबोटीच्या बाजूला एकदा पाऊस लागला की पाईपच्या तोंडाशी गुडघाभर लाल गाळ बसतो, आणि मग आत ९०० मि.मी.चा पाईप आहे की ६०० चा, हे सांगायला फावडं घेऊन उतरावं लागतं.